चौकशी डोक्यावर असताना पदोन्नतीची यादी निघाली तर

प्रश्न असा आला आहे. रत्नागिरी जिल्ह्यातले एक ग्राम महसूल अधिकारी, म्हणजे कालपरवापर्यंतचे तलाठी. एका वारस फेरफारात मुंबईला असलेल्या दोन सहहिस्सेदारांना नोटीस पोचली नाही, अशी तक्रार झाली. तहसीलदारांनी खुलासा मागितला, तो दिला. त्याला सात महिने झाले, पुढे काही हालचाल नाही. आता जिल्हाधिकारी कार्यालयात मंडळ अधिकारी पदाची निवडसूची तयार होते आहे आणि आस्थापना शाखेतून तोंडी कानावर आले, "तुमची चौकशी चालू आहे ना, यंदा नाव धरू नका." हे खरे का, आणि आता करायचे काय?

आजच्या घडीला हे खरे नाही. नुसता खुलासा मागितला म्हणून पदोन्नती अडत नाही. मात्र हे उत्तर आजच्या तारखेपुरतेच आहे. उद्या प्रांतांच्या, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांच्या, सहीने दोषारोपपत्र निघाले की उत्तर फिरेल. या विषयात आरोप किती गंभीर यापेक्षा कोणता कागद कोणत्या तारखेला निघाला यावर जास्त ठरते, आणि बहुतेक कर्मचारी नेमके तिथेच गाफील राहतात. आरोप कसे खोटे आहेत हे पंधरा पानांत लिहितात, पण पदोन्नती समितीची बैठक कधी झाली हे विचारले तर माहीत नसते.

आपल्याकडे "चौकशी लागली" हा शब्द फार ढिला वापरला जातो. तक्रारीवर शेरा पडला तरी चौकशी, मंडळ अधिकारी जबाब घेऊन गेले तरी चौकशी. पदोन्नतीच्या दृष्टीने मोजून तीनच परिस्थिती धरल्या जातात: कर्मचारी निलंबित आहे, त्याच्यावर दोषारोपपत्र निघाले आहे आणि कार्यवाही प्रलंबित आहे, किंवा त्याच्यावर फौजदारी खटला प्रलंबित आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्ये के. व्ही. जानकीरामन प्रकरणात हे स्पष्ट केले: प्राथमिक चौकशी कितीही दिवस चालू असो, दोषारोपपत्र निघेपर्यंत शिस्तभंगाची कार्यवाही प्रलंबित आहे असे म्हणता येत नाही. केंद्र सरकारच्या कार्मिक विभागाचे १४ सप्टेंबर १९९२ चे ज्ञापन त्यावरच उभे आहे. टपाल, सीमाशुल्क वगैरे केंद्रीय खात्यांतल्यांनी ते धरावे. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी सामान्य प्रशासन विभागाचा १५ डिसेंबर २०१७ चा शासन निर्णय आहे. त्याची प्रत स्वतःजवळ ठेवा. आस्थापना शाखेतल्या बाबूंशी बोलताना "न्यायालय असे म्हणते" यापेक्षा "शासन निर्णयात असे आहे" हे लवकर कळते.

तेव्हा पहिले काम म्हणजे हातातला कागद नीट वाचणे. त्यात "खुलासा सादर करावा" एवढेच असेल, किंवा "आपणाविरुद्ध शिस्तभंगविषयक कारवाई का करू नये" अशी साधी कारणे दाखवा नोटीस असेल, तर तो प्राथमिक टप्पा. पण ज्ञापनात "महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मधील नियम १० अन्वये" असे लिहून सोबत गैरवर्तनाचा तपशील जोडला असेल, तर किरकोळ शिक्षेची कार्यवाही सुरू झाली. नियम ८ चा उल्लेख असेल तर मोठ्या शिक्षेची. नियम ८ च्या दोषारोपपत्राला चार जोडपत्रे असतात: दोषारोपाच्या बाबी, त्यांचा तपशील, कागदपत्रांची यादी आणि साक्षीदारांची यादी. नियम १० चे ज्ञापन दिसायला साध्या नोटिशीसारखेच असते आणि गफलत तिथेच होते. दोन पानांचा कागद पाहून "साधी नोटीस आहे" म्हणून सोडून दिला जातो, आणि पदोन्नती समितीपुढे मात्र तो दोषारोपाचे ज्ञापन म्हणून जातो.

दुसरी एक जुनी युक्ती अजून काही जण वापरतात. दोषारोपपत्र येणार अशी कुणकुण लागली की रजा टाकायची, पोस्टमनला "घरात नाहीत" सांगायचे, गणपतीला गावी गेलो होतो म्हणायचे. याने काही साधत नाही. दिल्ली विकास प्राधिकरण विरुद्ध एच. सी. खुराना या १९९३ च्या निकालात दोषारोपपत्र तयार होऊन रवाना झाले की ते निघाले असेच धरले. ते प्रत्यक्ष हाती पडले का, हे पदोन्नतीच्या प्रश्नात महत्त्वाचे नाही. कार्यालयाच्या जावक नोंदवहीतली तारीख तुमच्या सहीच्या तारखेच्या आधी उभी राहते. उलट पाकीट परत गेल्याने उत्तराची मुदत, जी ज्ञापनात बहुधा १० दिवसांची असते, ती मात्र वाया जाते.

आता तारखांकडे. एका कागदावर चार तारखा मांडा: दोषारोपपत्र जावक झाल्याची, पदोन्नती समितीच्या बैठकीची, तुमच्या लगतच्या कनिष्ठाचा पदोन्नती आदेश निघाल्याची आणि (पुढे मागे लागेल ती) चौकशीच्या अंतिम आदेशाची. पहिल्या तीन तारखांच्या क्रमावर तुमचे भवितव्य ठरते.

बैठकीच्या दिवशी दोषारोपपत्र नव्हते, निलंबन नव्हते, खटला नव्हता, तर समितीने तुमचा उघडपणे विचार करायला हवा. बैठकीत शिफारस झाली, पण आदेश निघण्याआधी दोषारोपपत्र निघाले, तर तुमची शिफारस मोहोरबंद लिफाफ्यात (त्याची रीत पुढे सांगितली आहे) ठेवल्यासारखी समजतात आणि आदेश थांबतो. पण कनिष्ठाचा आदेश निघून गेला, तुम्हाला विनाकारण मागे ठेवले आणि त्यानंतर दोषारोपपत्र आले, तर ते मागच्या तारखेला लावता येत नाही. भारत सरकार विरुद्ध अनिलकुमार सरकार या २०१३ च्या निकालात हेच झाले होते. कनिष्ठांच्या पदोन्नतीच्या दिवशी दोषारोपपत्र नसताना पदोन्नती नाकारली, ती न्यायालयाने द्यायला लावली.

प्रश्नकर्त्यांच्या बाबतीत एक गुंता जास्त आहे. शिस्तभंगाचा कागद उपविभागीय अधिकारी कार्यालयातून निघतो आणि पदोन्नती समिती जिल्हाधिकारी कार्यालयात बसते. समितीच्या आधी आस्थापना शाखा सगळ्या प्रांतांकडून "विभागीय चौकशी प्रलंबित किंवा प्रस्तावित आहे काय" अशी माहिती मागवते. या "प्रस्तावित" शब्दाने बरेच घोटाळे केले आहेत. तहसीलचा लिपिक तक्ता भरताना तुमच्या नावापुढे "वि. चौ. प्रस्तावित" लिहितो, कारण नस्तीत तक्रार दिसते. वर तो शेरा जसाच्या तसा उचलला जातो. प्रस्तावित चौकशी वर सांगितलेल्या तीन परिस्थितींत बसत नाही. पण तक्त्यातल्या शेऱ्याशी भांडायचे असेल तर तो बैठकीच्या आधी दुरुस्त करून घ्यावा लागतो. म्हणून आजच तहसील कार्यालयात लेखी अर्ज द्या: "माझ्याविरुद्ध आजअखेर नियम ८ अथवा नियम १० अन्वये दोषारोपपत्र निर्गमित झालेले नाही, तरी ज्येष्ठता सूचीसोबतच्या विवरणपत्रात तशी नोंद घ्यावी." प्रत प्रांतांना आणि जिल्हाधिकारी कार्यालयाच्या आस्थापना शाखेला. तिन्हींवर आवक क्रमांक आणि शिक्का घ्या. भाषा नम्र ठेवा. त्यात तक्रारदाराबद्दल एक शब्दही नको.

इथे एक सबुरीची सूचना. असा अर्ज दिला की झोपलेली नस्ती जागी होईल, अशी भीती काहींना वाटते, आणि ती अगदीच निराधार नाही. पण समितीच्या तोंडावर नस्त्या तशाही चाळल्या जातात. गप्प राहून शेरा जाण्यापेक्षा कागद दाखल असलेला बरा.

समजा दोषारोपपत्र बैठकीच्या आधीच निघाले. तरीही तुमचे नाव वगळायचे नसते. समितीने इतरांप्रमाणेच तुमचे कार्यमूल्यमापन अहवाल पाहायचे, चौकशीचा विषय बाजूला ठेवून तुम्ही पात्र की अपात्र हे ठरवायचे आणि तो निष्कर्ष लिफाफ्यात घालून मोहोर लावायची. वर नाव, पद आणि कार्यवाही संपेपर्यंत उघडू नये अशी सूचना. इतिवृत्तात एवढेच यायचे की अमुक यांच्याबाबतचा निष्कर्ष मोहोरबंद लिफाफ्यात ठेवला आहे. पुढच्या प्रत्येक बैठकीत, कार्यवाही संपलेली नसेल तर, पुन्हा विचार करून पुन्हा लिफाफा.

प्रत्यक्षात काय होते? लिफाफाच नसतो. जिल्ह्याच्या ठिकाणी, आणि जिल्हा परिषदांत तर सर्रास, तक्त्याच्या शेवटच्या रकान्यात "वि. चौ. चालू, विचार केला नाही" असे लिहून पुढच्या नावावर जातात. त्या दिवशी फरक जाणवत नाही, कारण दोन्ही रीतींनी पदोन्नती मिळालेली नसतेच. फरक चार वर्षांनी कळतो. दोषमुक्त झालेला कर्मचारी अर्ज करतो आणि कार्यालय सांगते, उघडायला काही नाही. मग पुनर्विलोकन समिती बसवावी लागते, तिला जुन्या वर्षांचे अहवाल गोळा करावे लागतात, आणि त्यातले एखाददुसऱ्या वर्षाचे सापडत नाहीत. म्हणून बैठक झाली की महिन्याभरात माहिती अधिकाराखाली इतिवृत्तातला स्वतःपुरता उतारा मागा. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, ३० दिवसांची मुदत. लिफाफ्यातला निष्कर्ष मिळणार नाही, मागूही नका. लिफाफा ठेवला की नाही एवढेच हवे आहे. ठेवला नसेल तर लगेच लेखी हरकत घ्या.

चौकशी संपल्यावर दोन रस्ते फुटतात. पूर्ण दोषमुक्त झालात आणि लिफाफ्यात "पात्र" असेल, तर ज्या दिवशी तुमचा कनिष्ठ चढला त्या दिवसाचा मानीव दिनांक, म्हणजे पदोन्नती मिळाली असे मानायची तारीख, मिळते. ज्येष्ठता आणि वेतननिश्चिती त्या तारखेपासून. मधल्या काळाच्या थकबाकीचा निर्णय सक्षम प्राधिकारी करतो, पण जानकीरामन निकालानुसार ती नाकारायची तर कारणे लिहावी लागतात, उदाहरणार्थ चौकशी कर्मचाऱ्यानेच लांबवली. "काम केले नाही म्हणून पगार नाही" हे ठोकळेबाज वाक्य पूर्ण दोषमुक्तीत पुरेसे ठरत नाही. दुसरा रस्ता शिक्षेचा. कोणतीही शिक्षा झाली, अगदी ठपका ठेवला तरी, लिफाफा उघडून अमलात आणत नाहीत. पुढच्या समितीसमोर नव्याने विचार, आणि मिळाली तर पदोन्नती तिथून पुढे. मागची वर्षे गेली.

या एका गोष्टीवर थोडे थांबायला हवे, कारण बहुतेकांचा हिशेब इथे चुकतो. "ठपक्याने काय बिघडते? पगार जात नाही, वेतनवाढ जात नाही, घेऊन टाका आणि मोकळे व्हा," असा सल्ला कार्यालयात सगळेच देतात. हा सल्ला कधी उत्तम असतो आणि कधी महागात पडतो. समितीची बैठक अजून व्हायची आहे, प्रकरण नियम १० चे आहे, चूक थोडी तरी आहे, अशा वेळी मोजक्या शब्दांत खुलासा देऊन प्रकरण ठपक्यावर मिटले तर ते स्वस्तच. ठपका दिल्या क्षणी संपतो, त्याला मुदत नसते, कार्यवाही प्रलंबित राहत नाही आणि समिती उघडपणे विचार करू शकते. अर्थात ती सेवापुस्तकातली नोंदही पाहणारच. पण तुमचा कनिष्ठ तीन वर्षांपूर्वीच मंडळ अधिकारी झाला आहे, तुमचा लिफाफा कपाटात आहे आणि चौकशी अधिकाऱ्यांचा अहवाल बहुतांशी तुमच्या बाजूने आहे, तेव्हा ठपका स्वीकारणे म्हणजे तीन वर्षांची ज्येष्ठता हातची घालवणे. तिथे शेवटपर्यंत लढावे, अपील करावे.

"सक्त ताकीद" ही आणखी एक पळवाट. नियम ५ मधल्या शिक्षांच्या यादीत ताकीद नाही, समज देणेही नाही. किरकोळ शिक्षा चारच: ठपका, पदोन्नती रोखणे, नुकसानीची वसुली, वेतनवाढ रोखणे. चौकशी पूर्ण होऊन आदेशात "ताकीद देऊन प्रकरण बंद करण्यात येत आहे" असे आले की आस्थापना शाखा त्याला शिक्षा म्हणते आणि कर्मचारी दोषमुक्ती म्हणतो. असा आदेश हातात पडला की वाट न पाहता त्याच प्राधिकाऱ्याकडे स्पष्टीकरण मागा: दोषारोप सिद्ध झाले की नाहीत? आदेशात "दोषमुक्त करण्यात येत आहे" हे शब्द असले तर लिफाफ्याचा प्रश्न सुटतो.

शिक्षेचा अंमल चालू असताना पदोन्नती मिळत नाही, आणि याला दुहेरी शिक्षा म्हणता येत नाही. तमिळनाडू विरुद्ध के. एस. मुरुगेसन या १९९५ च्या निकालाने तो वाद मिटवला आहे. म्हणून आदेशातली मुदत बारकाईने वाचा. "पुढील वेतनवाढींवर परिणाम न होता १ जुलै २०२४ ची वेतनवाढ एक वर्षासाठी रोखण्यात येत आहे" असे असेल तर ३० जून २०२५ ला अंमल संपला. कुणी पुढे "अजून शिक्षा नुकतीच झाली आहे" म्हणत तुम्हाला आणखी एक यादी मागे ठेवत असेल, तर त्याला आधार नाही. "पुढील वेतनवाढींवर परिणाम होऊन" असे शब्द असतील तर मात्र ती नावाला किरकोळ शिक्षा राहत नाही. कुलवंतसिंग गिल प्रकरणात (१९९१) सर्वोच्च न्यायालयाने कायम परिणाम करणारी वेतनवाढ रोखणे मोठ्या शिक्षेत धरले, त्यासाठी रीतसर पूर्ण चौकशी लागते. नियम १० च्या चार ओळींच्या कार्यवाहीवर अशी शिक्षा लागली असेल तर ती अपिलात टिकणे कठीण.

चौकशी रखडते कशी, हे फेरफाराच्याच उदाहरणावर पाहू. जमीन महसूल संहितेच्या कलम १५० प्रमाणे फेरफाराची नोंद चावडीवर लावायची आणि हितसंबंधितांना लेखी कळवायचे. कोकणातल्या सातबारावर एकेका गटात पंचवीस-तीस नावे, त्यातली निम्मी मुंबई, विरार, बदलापूरला. कित्येकांचा पत्ता कार्यालयाला माहीतच नाही. नोटीस गावातल्या चुलत्याने सही करून घेतलेली. तक्रार होते ती दोन वर्षांनी जमीन विकायला काढल्यावर. आता दोषारोप तलाठ्यावर, पण नोंद प्रमाणित केली मंडळ अधिकाऱ्यांनी, म्हणून नियम १२ खाली दोघांची संयुक्त चौकशी. मंडळ अधिकारी दुसऱ्या तालुक्यात किंवा पुढच्या पदावर, म्हणजे शिस्तभंगाचा प्राधिकारी वेगळा, नस्ती वर. मूळ नोटिसा प्रांतांकडच्या अपिलाच्या नस्तीत अडकलेल्या. कार्यालयाची बाजू मांडणारा सादरकर्ता अधिकारी बदलून गेला, नवा नेमायला सहा महिने. आणि साक्षीदार चाकरमानी, ते जुलैच्या तारखेला कशाला येतात! हे साक्षीदार गणपतीत किंवा मे महिन्यात गावात असतात. बचाव पक्षानेच चौकशी अधिकाऱ्यांना लेखी सुचवावे की गौरी विसर्जनानंतरच्या पहिल्या कामाच्या दिवशी यांची तारीख ठेवावी. साधी गोष्ट आहे, पण वर्षभराचा फरक पडतो.

प्रत्येक तारखेला रोजनाम्याची, म्हणजे त्या दिवशीच्या कामकाजाच्या नोंदीची, प्रत घ्या आणि सुनावणी कोणाच्या कारणाने तहकूब झाली ते त्यात लिहिले आहे की नाही पाहा. पुढे तुमचे सगळे अर्ज या रोजनाम्यावर उभे राहणार आहेत. स्वतः मुदत मागायची असेल तर एकदाच, कारण लिहून. आजारपणाचे दाखले जोडून चार तारखा ढकलणारा नंतर विलंबाची तक्रार करू शकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने प्रेमनाथ बाली प्रकरणात (२०१५) विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत आणि फार तर वर्षभरात संपवावी असे म्हटले आहे. वर्ष उलटले म्हणून चौकशी आपोआप रद्द होत नाही, हे मात्र ध्यानात असू द्या.

आणि समजा चौकशी संपतच नाही. ज्या बैठकीत लिफाफा पहिल्यांदा ठेवला, त्या तारखेपासून दोन वर्षे झाली की तदर्थ, म्हणजे तात्पुरत्या, पदोन्नतीचा विचार करायचा असतो. केंद्राच्या ज्ञापनात आणि राज्याच्या २०१७ च्या निर्णयात दोन्हीकडे ही तरतूद आहे. हा पदोन्नतीचा हक्क नाही, विचार होण्याचा हक्क आहे. नियुक्ती प्राधिकारी पाहतो ते असे: चौकशी आणखी लांबणार का, आरोप कितपत गंभीर, पदोन्नती दिल्याने सार्वजनिक हिताला बाधा येईल का, वरच्या पदाचा वापर करून चौकशीवर दबाव येईल का, आणि विलंब कर्मचाऱ्यामुळे झाला का. अर्जात याच मुद्द्यांची उत्तरे याच क्रमाने द्या. तहकुबींचा तक्ता जोडा: तारीख, कारण, कोणामुळे. फेरफाराच्या नोटिशीसारख्या प्रकरणात पैशाचा अपहार नाही, सचोटीवर आक्षेप नाही, हे एका वाक्यात मांडा. वादळानंतरच्या घरपडीच्या मदतवाटपात पैसे भलत्यांच्या खात्यात गेले, अशा आरोपात तदर्थ पदोन्नतीची आशा कमी. तिथे जोर चौकशी संपवण्यावरच लावावा.

तदर्थ आदेशात "पुढील आदेशापर्यंत", "ज्येष्ठतेचा हक्क राहणार नाही" असे शब्द असतील. ते असायचेच, त्यावर भांडू नका. नंतर दोषमुक्त झालात तर ती पदोन्नती नियमित होते आणि मानीव दिनांकही मागता येतो. शिक्षा झाली तर मूळ पदावर यावे लागते.

निलंबनाबद्दल थोडक्यात. पोलीस वा न्यायालयीन कोठडीत ४८ तासांपेक्षा जास्त राहिल्यास निलंबन मानले जाते. अन्य प्रकरणांत अजयकुमार चौधरी निकाल (२०१५) आणि त्यावरून निघालेला राज्याचा ९ जुलै २०१९ चा शासन निर्णय यांमुळे ९० दिवसांत दोषारोपपत्र न दिल्यास निलंबन पुढे चालू ठेवता येत नाही. पदोन्नतीसाठी याचा उपयोग असा: निलंबन संपले आणि दोषारोपपत्र निघालेलेच नसेल, तर लिफाफ्याचे कारणच उरत नाही. मधल्या काळात समिती बसली तर तुमचे नाव उघडपणे घ्यायला हवे. ही फट अरुंद असते, पण असते.

फौजदारी बाजूला लोकांना लाचलुचपतीचा सापळाच आठवतो. त्यात निलंबन आणि पुढे खटला, दोन्ही येतात. वर्षानुवर्षे लिफाफा बंद. पण कोकणात त्याहून जास्त कर्मचारी अडकतात ते गडग्यावरच्या, म्हणजे दगडी कुंपणावरच्या, भांडणात. भाऊबंदकीतला वाद, आंब्याच्या झाडावरून शिवीगाळ, एकमेकांवर तक्रारी, भारतीय न्याय संहितेची कलमे ११५(२), ३५१, ३५२. नोकरीशी काही संबंध नाही म्हणून कर्मचारी विसरून जातो. पोलिसांनी न्यायालयात दोषारोपपत्र दाखल केले की पदोन्नतीच्या तक्त्यात "फौजदारी खटला प्रलंबित" असा शेरा येतो, आणि त्या किरकोळ खटल्यापायी यादी चुकते. नुसता गुन्हा नोंदला एवढ्याने ती तिसरी परिस्थिती येत नाही, पण खटला उभा राहिल्यावर येते. असे गुन्हे बहुतेक तडजोडयोग्य असतात आणि तडजोडीचा परिणाम निर्दोष सुटकेसारखाच असतो. तेव्हा पदोन्नतीच्या पट्ट्यात असाल तर चुलत भावाशी लोक अदालतीत मिटवून घ्या. गडगा वीतभर इकडेतिकडे झाला तरी चालेल. गुन्हा नोंदल्याचे कार्यालयाला लेखी कळवायला मात्र विसरू नका.

दोषारोपपत्र नसतानाही चौकशीची सावली पडते ती कार्यमूल्यमापन अहवालात. इतर सगळे नियम पाळून कर्मचाऱ्याला मागे टाकायचे असेल तर ही सर्वांत सोपी जागा. तक्रार झाली त्या वर्षीची प्रतवारी एका पायरीने खाली उतरते, अभिप्रायात "कामात हलगर्जीपणा" एवढे दोन शब्द पडतात. मग समिती म्हणते, चौकशीमुळे नव्हे, अहवालांच्या सरासरीत बसत नाही म्हणून अपात्र. देवदत्त विरुद्ध भारत सरकार (२००८) पासून प्रत्येक नोंद, चांगली असो वा वाईट, कर्मचाऱ्याला कळवणे बंधनकारक आहे. गेल्या पाच वर्षांच्या अहवालांच्या प्रती आजच मागून घ्या. प्रतवारी उतरलेली दिसली तर दिलेल्या मुदतीत अभिवेदन करा. न कळवलेल्या प्रतिकूल नोंदीवर पदोन्नती नाकारली तर तो स्वतंत्र मुद्दा होतो, आणि भक्कम होतो.

दाद कुठे मागायची, हे नोकरीवर अवलंबून. शिक्षेच्या आदेशावर अपील ४५ दिवसांत. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांना त्यानंतर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. रत्नागिरी-सिंधुदुर्गसाठी मुंबईचे खंडपीठ. अंतिम आदेशापासून एक वर्षाची मुदत. अपील वा अभिवेदन देऊन सहा महिने उत्तर आले नाही तर त्या सहा महिन्यांनंतर एक वर्ष. स्मरणपत्रे पाठवत राहिल्याने ही मुदत वाढत नाही, हे सांगून सांगून थकायला होते. पदोन्नतीत वगळले गेल्याच्या दाव्यात, जे कनिष्ठ पुढे गेले त्यांना प्रतिवादी करा, नाहीतर अर्ज तिथेच लटपटतो. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांना १९६४ चे वेगळे शिस्त व अपील नियम लागू आहेत आणि न्यायाधिकरण त्यांच्यासाठी नाही. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या आदेशावर अपील कोकणभवनात विभागीय आयुक्तांकडे आणि मग उच्च न्यायालय. १८ ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी आणि सिंधुदुर्गची प्रकरणे कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जातात, त्यामुळे मुंबईच्या फेऱ्यांऐवजी आता आंबा घाट किंवा गगनबावडा चढायचा. लोटे, महाडच्या खासगी कारखान्यांत हे लिफाफ्याचे शास्त्र लागू नाही. तिथे कंपनीचे पदोन्नती धोरण आणि कामगार संघटनेशी झालेला करार पाहावा.

प्रश्नकर्त्यांना अजून बरीच सेवा आहे, पण हे वाचणाऱ्यांत निवृत्तीला टेकलेलेही असतील. चौकशी चालू असताना निवृत्त झालात तर निवृत्तिवेतन नियम, १९८२ मधल्या नियम २७ खाली ती पुढे चालू राहते, तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते आणि उपदान (ग्रॅच्युइटी) अडकते. पण लिफाफा मरत नाही. निवृत्तीनंतर दोषमुक्त झालात तरी तो उघडायला लावता येतो. मानीव दिनांकाने काल्पनिक वेतननिश्चिती होऊन निवृत्तिवेतन सुधारते. त्यासाठी सेवेत असतानाच इतिवृत्ताचा तो उतारा मिळवून ठेवलेला हवा. निवृत्तीनंतर त्याच शाखेत जाऊन आठ वर्षांपूर्वीचे कपाट उघडायला सांगणे किती सोपे असते, ते कोणत्याही निवृत्त शिरस्तेदाराला विचारा.